लाडानं बिघडणारी वेल

गारवेलीबद्दलच्या तक्रारी ठरलेल्या असतात. वेल बाल्कनीच्या ग्रिलवरून वरच्या मजल्यापर्यंत गेली, पानं तळहाताएवढी झाली, पण फूल म्हणाल तर एक नाही. ही पहिली. दुसरी तिच्या मागोमाग येते: पानांना भोकं पडली, खालून पांढरे फोड आले, शेंडे आकसले, आता कोणतं औषध मारू? या दोन्ही तक्रारींचं मूळ बहुतेक वेळा एकच निघतं. वेलीचे फार लाड झालेले असतात. कुंडीत अर्धी माती आणि अर्धं शेणखत, दर पंधरवड्याला युरियाची चिमूट, रोज संध्याकाळी पाइपने डोक्यावरून पाणी आणि रात्रभर बाल्कनीतला दिवा. गारवेल म्हणजे कुंपणावर, माळावर, ओढ्याकाठी उगवणारी, एका हंगामात फुलून बी टाकून संपणारी वनस्पती. तिला जगायला फार काही लागत नाही. उलट नत्र जास्त झालं की ती फुलं सोडून पानंच काढत राहते, आणि त्या कोवळ्या रसाळ पानांवर मावा नि पांढरी माशी तुटून पडतात. म्हणून औषधांचा विषय मी शेवटी घेणार आहे, आणि तो थोडक्यातच आटोपणार आहे.

गारवेलीचं इंग्रजी नाव मॉर्निंग ग्लोरी. त्या नावानं आपल्याकडे ज्या बिया मिळतात त्या मुख्यतः तीन जातींच्या असतात. तिन्ही आयपोमिया या एकाच गटातल्या. आयपोमिया निलचं पान बहुधा तीन खंडांचं असतं आणि फुलाखालची हिरवी निदलं लांब, निमुळती, केसाळ असतात. काष्ठौषधींच्या दुकानात काळादाणा म्हणून मिळतं ते हिचंच बी. आयपोमिया पर्प्युरियाचं पान सहसा हृदयाच्या आकाराचं, देठावर लव, फुलं जांभळी, गुलाबी किंवा पांढरी. तिसरी आयपोमिया ट्रायकलर. तिचं पान गुळगुळीत, आणि आकाशी रंगाचा प्रसिद्ध ‘हेवनली ब्लू’ हा वाण तिचाच. पाकिटावर जातीचं नाव क्वचितच छापलेलं असतं, पण पान आणि निदलं नीट पाहिली की ओळख पटते. ही ओळख उपयोगाची आहे. निल पेरल्यापासून दीड-दोन महिन्यांत फुलायला लागते, तर हेवनली ब्लू तीन-साडेतीन महिने वाट पाहायला लावते. त्या मधल्या काळात धीर सुटून खताचा डोस वाढवणारे लोक मी पुष्कळ पाहिले आहेत.

या वेलीचा गोतावळाही माहीत असावा. आषाढी एकादशीला ताटात येणारं रताळं तिच्याच गटातलं. नाळीची भाजी, कोकण-गोव्याच्या पुळणीवर पसरणारी मर्यादवेल, लाल चांदण्यांची गणेशवेल आणि तळ्यांच्या काठी माजलेली बेशरम, ही सगळी तिची सख्खी भावंडं. (निळ्या फुलामुळे गोकर्णालाही लोक या घरात ओढतात, पण गोकर्ण शेंगवर्गीय आहे, तिच्या किडी वेगळ्या.) यांतल्या एकीवर जगणारा किडा दुसरीवर सहज बसतो. घराजवळ बेशरमीचं झुडूप किंवा परसात रताळ्याचा वाफा असेल, तर आपल्या वेलीवर पुढे काय येणार आहे ते तिथे आधीच दिसतं. सोसायटीच्या मागच्या नाल्याकाठची बेशरम पावसाळ्यात अधूनमधून नजरेखालून घालावी.

पेरणीसाठी जूनचा दुसरा पंधरवडा ते जुलै हा काळ उत्तम. बी काळं, त्रिकोणी आणि फार टणक असतं. कवचातून पाणी आत शिरत नाही, म्हणूनच तसंच पेरलेलं बी कधी उगवतं, कधी महिनाभर तसंच पडून राहतं. नेलकटरनं कवचाचा बारीक टवका काढायचा किंवा सँडपेपरवर एक बाजू पांढुरकी दिसेपर्यंत घासायची आणि बी रात्रभर कोमट पाण्यात ठेवायचं. बीवर ज्या ठिकाणी देठाचा डाग असतो त्या बाजूला हात लावायचा नाही, कारण मूळ तिथून बाहेर येतं. सकाळी जी बियाणी फुगलेली दिसतील ती सेंटीमीटरभर खोल पेरायची. न फुगलेल्यांना पुन्हा एकदा टवका. पाच ते दहा दिवसांत माती उचलून रोप वर येतं आणि त्याची पहिली दोन पानं, म्हणजे बीजपत्रं, आपट्याच्या पानासारखी मधोमध खोल दुभंगलेली असतात. खरी पानं त्यानंतर येतात, ती वेगळ्या आकाराची. नव्या माणसाला वाटतं की भलतंच काहीतरी उगवलं, आणि रोप उपटलं जातं.

गारवेलीच्या मुळांना हलवाहलव सोसत नाही. शक्यतो कायमच्या जागीच पेरावी. नाहीतर कागदी कपात पेरून कपासकट मातीत ठेवावी. दहा-बारा इंची कुंडीत एक वेल, फार तर दोन. दोन भाग माती, एक भाग वाळू किंवा कोकोपीट, एक भाग पूर्ण कुजलेलं कंपोस्ट, आणि यानंतर कळ्या दिसेपर्यंत वरून काहीही नको. दिवसातून सहा तास तरी ऊन हवं. रोपाला पाच-सहा पानं आली की शेंडा खुडावा, म्हणजे बगलेतून फांद्या फुटतात आणि फुलं डोळ्यांच्या पातळीवर येतात. आधार बारीक लागतो. या वेलीला काकडीसारखे ताणे नसतात, तिचं खोडच आधाराला पीळ घालतं, वरून पाहिलं तर घड्याळाच्या काट्यांच्या उलट दिशेनं. जाड खांब तिला कवेत घेता येत नाही. सुतळी, तार, बांबूची कामटी उत्तम. वेल उलट दिशेनं गुंडाळून मदत करायला गेलात तर ती स्वतःला सोडवून पुन्हा आपल्या दिशेनं वळते.

आता फूल का येत नाही त्याबद्दल. नत्राचं सांगून झालं. दुसरं कारण लोकांच्या ध्यानीमनीही नसतं, ते म्हणजे रात्रीचा उजेड. गारवेल रात्रीची लांबी मोजते. वनस्पती कधी फुलायचं हे कसं ठरवतात याचा अभ्यास करणाऱ्यांनी ज्या मोजक्या झाडांवर काम केलं, त्यात आयपोमिया निलचा ‘व्हायोलेट’ हा जपानी वाण अग्रक्रमानं येतो. या वाणाच्या कोवळ्या रोपाला, नुसती बीजपत्रं उघडलेली असताना, एकच लांब रात्र दिली, सोळा तासांची, तरी त्या एका रात्रीत रोपाचा निर्णय होतो आणि पुढे कळ्या धरतात. पण त्याच अंधाराच्या मध्यावर काही मिनिटं लाल प्रकाश दाखवला की निर्णय फिरतो आणि रोप पानंच काढत राहतं. आपल्या इमारतींच्या आवारातले दिवे, जिन्यातले रात्रभर जळणारे बल्ब, बाल्कनीतली शोभेची माळ हे सगळे त्या प्रयोगातल्या लाल प्रकाशाचंच काम करतात. खत, पाणी, ऊन सगळं जमूनही कळी धरत नसेल, तर रात्री अकरा वाजता बाल्कनीत उभं राहून पाहावं की पानांवर कुठून उजेड पडतो. कुंडी चार हात आत सरकवली किंवा दिवा बंद केला, तर काही आठवड्यांत फरक दिसतो.

महाराष्ट्राच्या अक्षांशावर जूनमधली रात्र पावणेअकरा तासांच्या आसपास असते आणि डिसेंबरात ती तेरा तासांवर जाते. निलला जुलै-ऑगस्टमध्येही अडचण येत नाही, पण हेवनली ब्लू रात्री लांबू लागल्यावरच, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबरात, मनापासून फुलते. छोट्या बाल्कनीसाठी याचा एक फायदा करून घेता येतो. ऑगस्टअखेर दुसरी खेप पेरली तर वेल फार न वाढता लहानपणीच कळ्या धरते. जूनची वेल ग्रिलभर पसरते, ऑगस्टची कुंडीपुरती राहते.

फूल उघडण्याचं वेळापत्रकही अंधाराशी बांधलेलं आहे. ते ठरतं आदल्या संध्याकाळी. उबदार हवेत, अंधार पडल्यापासून साधारण दहा तासांनी कळीचा पीळ सुटतो. सप्टेंबरात पुण्यात साडेसहाला सूर्य मावळला तर पहाटे साडेचार-पाचच्या सुमारास फूल उघडलेलं असतं. उद्या उघडणारी कळी आज संध्याकाळीच ओळखता येते. ती इतरांपेक्षा लांब झालेली, पीळ स्पष्ट आणि रंग भरलेली असते. निलच्या फुलात याच वेळी आणखी एक गोष्ट घडते. उघडता उघडता पुंकेसर लांबत जातात आणि परागकोश स्त्रीकेसराच्या टोकाला घासून वर सरकतात. मधमाशी यायच्या आतच परागीकरण उरकलेलं असतं. म्हणून दहाव्या मजल्यावरच्या बाल्कनीतही निलला बी धरतं.

हेवनली ब्लूची कळी जांभळट-लालसर असते आणि फूल मात्र आकाशी. रंगद्रव्य दोन्हीत तेच. बदलते ती पाकळीच्या पेशींतल्या रसाची आम्लता. कळीत पीएच सुमारे ६.६ असतो, तो उघडलेल्या फुलात ७.७ पर्यंत चढतो. फुलांच्या पाकळ्यांतला रस सहसा आंबट बाजूला असतो. इतका अल्कधर्मी होणं दुर्मीळ. कुंडीतल्या मातीचा पीएच बदलून हा रंग बदलत नाही. हायड्रेंजियाचा नियम इथे लावून तुरटी घालणाऱ्यांनी ती वाया घालवू नये.

या वेलीवर माणसांनी किती जीव लावला ते पाहायचं तर जपानला जावं लागतं. आठव्या शतकाच्या आसपास निलची बियाणी चीनमधून जपानात गेली ती जुलाबाचं औषध म्हणून. पुढे शेकडो वर्षांनी, एदो काळात, तिचं वेड लागलं. १८०४ ते १८३० आणि पुन्हा १८४८ ते १८६० या काळात तिथे विचित्र गारवेलींच्या स्पर्धा भरत, चित्रमय पुस्तकं छापली जात, आणि तुटपुंज्या पगारातले खालच्या दर्जाचे सामुराई जोडधंदा म्हणून कुंड्यांत रोपं वाढवत. चिरफाळलेल्या पाकळ्यांची, नळीसारखी, पिसाऱ्यासारखी, दुहेरी-तिहेरी फुलं त्यांनी जपली. यांतल्या कित्येक फुलांना बीच धरत नाही, कारण पुंकेसर आणि स्त्रीकेसर यांच्याही पाकळ्या झालेल्या असतात. मग ही फुलं पिढ्यान्‌पिढ्या टिकली कशी? त्या माळ्यांनी हेरलं होतं की अशा रोपाची साधी दिसणारी भावंडं जपली आणि त्यांचं बी पेरलं, तर पुढच्या पिढीत काही रोपं पुन्हा विचित्र निघतात. त्यांतलं कोणतं रोप विचित्र निघणार हे ओळखायला ते बीजपत्रांचा आणि पहिल्या पानांचा आकार पाहत. मेंडेलचा वाटाण्यावरचा निबंध छापला गेला १८६६ साली. त्याच्या कितीतरी आधी एदोतल्या बाल्कन्यांत आणि अंगणांत सुप्त गुणांचा हा हिशेब निव्वळ निरीक्षणावर चालू होता. या माळ्यांचं मला फार अप्रूप वाटतं.

या विचित्रपणामागे मुख्यतः गुणसूत्रांतले उड्या मारणारे तुकडे आहेत. असा तुकडा एखाद्या जनुकात जाऊन बसला की ते जनुक बंद पडतं; बाहेर पडला की पुन्हा सुरू होतं. पांढऱ्या पाकळीवरचे रंगीत शिंतोडे आणि पट्टे त्यातूनच येतात. २०१६ साली निलचा संपूर्ण जीनोम प्रसिद्ध झाला, सुमारे ७५ कोटी अक्षरांचा, आणि असे तुकडे त्यात शेकड्यांनी सापडले. आधारावर न चढता खाली लोंबणारी एक जपानी गारवेलही आहे. तिच्यातलं एक जनुक बिघडल्यामुळे खोडाला गुरुत्वाकर्षण कळत नाही, आणि ते कळत नाही म्हणून पीळही घालता येत नाही. आजही तोक्योच्या इरिया भागात ६ ते ८ जुलैला गारवेलींचा बाजार भरतो, आणि जपानी शाळांत पहिलीतली मुलं कुंडीत ही वेल वाढवून तिची रोजची नोंद ठेवतात. इरियाच्या कुंड्यांतली पद्धत आपल्या बाल्कन्यांना अगदी सोयीची आहे: कुंडीत तीन-चार काठ्या, त्यांना वेगवेगळ्या उंचीवर गोल कडी, आणि त्या कड्यांवरून फिरवत नेलेली वेल. दोन फुटांच्या आत सगळा पसारा मावतो आणि, कीड-रोगांच्या दृष्टीनं महत्त्वाचं म्हणजे, प्रत्येक पान हाताच्या अंतरावर राहतं.

कारण गारवेलीचं रक्षण पानाच्या मागच्या बाजूला होतं. फुलं पाहायला सकाळी जाताच, तेव्हा पाच-सात पानं उलटून पाहायची. औषधाचा पंप हातात घ्यायची वेळ त्यामुळे क्वचित येते.

पावसाळ्यात पहिल्यांदा दिसतात ती गोल, स्वच्छ भोकं. हे काम कासवभुंग्यांचं. अर्ध्या ते दीड सेंटीमीटरचा हा भुंगा पानाला चिकटून बसतो आणि त्याच्या कवचाची कड पारदर्शक असते. काही जाती नारिंगी रंगावर काळे ठिपके असलेल्या, काही लखलखीत सोनेरी. ती सोनेरी चमक जिवंतपणीचीच. भुंगा मेला की कवचातला ओलावा सुकून रंग मातकट होतो. त्याची अळी चपटी, कडेनं काटेरी, आणि प्रत्येक वेळी टाकलेली कात शेपटीच्या दुभंगलेल्या टोकावर अडकवून पाठीवर धरते; काही जाती त्यात विष्ठाही मिसळतात. मुंगी जवळ आली की अळी हा पसारा तिच्या तोंडावर फिरवते. भिंगातून हे एकदा तरी पाहावं. मोठ्या वेलीला चार-दोन भुंग्यांनी काही होत नाही. अळ्या मात्र झुंडीनं एकाच पानावर असतात, ते पान तोडून साबणाच्या पाण्यात टाकलं की काम झालं.

दुसरी पाहुणी अधिक मोठी. सकाळी बाल्कनीच्या फरशीवर मिरीएवढ्या गडद लेंड्या दिसल्या आणि वरची दोन-चार पानं देठापर्यंत साफ झालेली असली, तर रताळ्यावरच्या ससाणा पतंगाची अळी वेलीवर आहे. हिरवी किंवा तपकिरी, बोटभर लांब, शेपटीवर एक शिंग. इतकी मोठी असूनही ती दिसत नाही, कारण दिवसा देठाला समांतर निश्चल पडून राहते. संध्याकाळी टॉर्च घेऊन लेंड्यांच्या सरळ वर शोधावं. एकच अळी आठवड्याभरात छोटी वेल बोडकी करते, तेव्हा तिला हलवावं लागतंच. पण मी ती मारत नाही, नाल्याकाठच्या बेशरमीवर नेऊन सोडते. पूर्ण वाढल्यावर ती मातीत शिरून कोष करते. कुंडी रिकामी करताना असा कोष हाताला लागतो: गडद तपकिरी, गुळगुळीत, आणि डोक्याकडून निघून पोटाकडे वळलेली एक स्वतंत्र कडी. त्या कडीत पतंगाची सोंड तयार होत असते, जी उलगडली की त्याच्या शरीरापेक्षा लांब भरते. राखाडी पंखांचा आणि पोटावर गुलाबी-काळ्या पट्ट्यांचा हा पतंग तिन्हीसांजेला लांब नळीच्या फुलांसमोर हवेत स्थिर राहून मध पितो. रात्री फुलणाऱ्या पांढऱ्या मूनफ्लॉवरचं परागीकरण असेच पतंग करतात.

मावा, पांढरी माशी, पिठ्या ढेकूण आणि नागअळी यांच्याबद्दल फार लिहायला नको. आपल्या जास्वंदीवर, मिरचीवर ते सगळ्यांच्या ओळखीचे आहेत. मावा शेंड्यावर असताना पाण्याच्या फवाऱ्यानं धुऊन टाकावा. त्याच्या चिकट स्रावावर काळी बुरशी चढते, ती वेगळा रोग नव्हे. मुंग्यांची रांग खोडावर दिसली की वर मावा किंवा पिठ्या आहे असं समजावं. नागअळीची नागमोडी पांढरी रेघ असलेलं पान तोडावं. पांढरी माशी मात्र गंभीर, कारण तिच्याबरोबर विषाणू येतो. रताळ्याच्या पर्णगुच्छ रोगाचे विषाणू गारवेलीतही वाढतात. शिरा पिवळ्या आणि जाड होतात, पानं वाटीसारखी वर वळतात, शेंडा खुरटतो. अशा वेलीवर इलाज नाही. ती त्याच दिवशी उपटून पिशवीत बंद करावी, विशेषतः आसपास रताळ्याची लागवड असेल तर. बेळगावकडच्या रताळं पिकवणाऱ्यांना बांधावरच्या गारवेलीचा आणखी एक धोका आहे: रताळ्याला पोखरणारा सोंड्या भुंगा पीक नसलेल्या दिवसांत याच रानवेलींवर तग धरतो.

फेब्रुवारीपासून हवा कोरडी झाली की लाल कोळी येतो. पान वरून बारीक पांढऱ्या ठिपक्यांनी फिकटतं, मागे अगदी विरळ जाळं दिसतं. पांढऱ्या कागदावर पान झटकलं तर धुळीचे कण चालू लागतात. हा कीटक नव्हे, आठ पायांचा कोळ्याचा भाऊबंद आहे, आणि उन्हाळ्यात त्याची पिढी आठवड्याभरात तयार होते. सरसकट कीटकनाशक फवारलं की त्याला खाणारे छोटे भक्षक मरतात आणि कोळी दुपटीनं वाढतो. औषध मारल्यावर जास्तच झालं असं लोक म्हणतात ते खरं असतं. पानांच्या मागून जोरात पाणी, वाटल्यास पाण्यात विरघळणारं गंधक लिटरला दोन ग्रॅम, तेही कडक उन्हात नाही आणि नीमतेल फवारून पंधरा दिवस व्हायच्या आत नाही. पण फेब्रुवारीत बहुतेक वेलींचा हंगाम संपलेलाच असतो. मरायला आलेल्या वेलीवर औषध मारण्यापेक्षा बी काढून ती उपटावी हे बरं.

पावसाळ्यातला खरा रोग म्हणजे पांढरा तांबेरा. पानाच्या वरच्या बाजूला फिकट पिवळे डाग, आणि उलटून पाहिलं तर त्याच जागी चकचकीत पांढरे फोड. फोड फुटला की पांढरी पूड बोटाला लागते. रोग वाढला की देठ आणि कळ्याही सुजून वेड्यावाकड्या होतात. हा अल्ब्युगो नावाचा जीव बुरशीसारखा वाढतो, पण नात्यानं तो बुरशीपेक्षा शेवाळांना जवळचा. त्यामुळेच कार्बेंडाझिमसारखी बुरशीनाशकं त्याच्यावर चालत नाहीत. घराघरांत तीच पुडी असते आणि तीच पुन्हा पुन्हा फवारली जाते. त्याचे बीजाणू पानावरच्या पाण्यात पोहून आत शिरतात. म्हणजे पान कोरडं राहिलं तर त्याला दारच उघडत नाही. पाणी सकाळी, मुळाशी. संध्याकाळी पानांवर कधीच नाही. वेलींमध्ये हवा खेळेल इतकं अंतर, जमिनीजवळची दाट पानं काढून टाकलेली, आणि फोड असलेली पानं कोरड्या हवेत, म्हणजे पाऊस उघडलेला असताना, तोडून कचऱ्यात. कुंडीत पडलेल्या पानांत त्याचे जाड भिंतीचे बीजाणू पुढच्या हंगामापर्यंत टिकतात, म्हणून ती कंपोस्टात घालू नयेत. फारच पसरला तर कॉपर ऑक्सिक्लोराइड, लिटरला अडीच ग्रॅम. तांब्याचं औषध पान भिजायच्या आधी पानावर असावं लागतं. आत शिरलेल्या रोगाला ते बाहेर काढत नाही.

रोपं लहान असताना खोड मातीलगत बारीक, तपकिरी होऊन आडवी पडतात, त्यामागे पिथियम आणि रायझोक्टोनिया असतात. दाट पेरणी आणि सतत चिखल ही कारणं. पडलेलं रोप वाचत नाही; मातीत ट्रायकोडर्मा मिसळून पुन्हा विरळ पेरावं.

आणि काही डाग रोगाचे नसतातच. नवी पानं पिवळी पण शिरा हिरव्या, हे लोहाच्या कमतरतेचं लक्षण. चुनखडीची काळी माती आणि बोअरचं जड पाणी असलेल्या आपल्या कितीतरी गावांत ते दिसतं. तिथे पोटॅश म्हणून चुलीची राख घातली तर माती आणखी अल्कधर्मी होऊन दुखणं वाढतं. चिलेटेड लोह पानांवर फवारलं की आठवड्यात रंग परततो. जून पानांवर शिरांच्या मधे पांढुरके-तपकिरी ठिपके आले, मागे ना कीड ना फोड, तर हवेतल्या ओझोनचीही शंका घ्यावी. गारवेल ओझोनला इतकी हळवी आहे की जपानमध्ये १९७० नंतर शहरांतलं प्रकाशरासायनिक धुरकं मोजायला शाळकरी मुलांनी हीच वेल वापरली.

घरात एकच फवारणी तयार ठेवायची तर ती पाच टक्के निंबोळी अर्काची. पन्नास ग्रॅम निंबोळी पावडर लिटरभर पाण्यात रात्रभर भिजवायची, सकाळी दुहेरी कापडातून गाळायची, थोडा मऊ साबण घालायचा, आणि त्याच दिवशी संध्याकाळी पानांच्या मागून फवारायची. मावा, पांढरी माशी, लहान अळ्या यांना ती पुरते. आधी एका पानावर करून दोन दिवस थांबावं, कारण गारवेलीचं पान नाजूक असतं आणि साबण जास्त झाला तर करपतं. संध्याकाळी पान भिजवू नये हा नियम इथे मोडतो, म्हणून उघडिपीचा, वारा असलेला दिवस निवडावा. ढालकिड्याच्या काळ्या-नारिंगी अळ्या माव्यात फिरताना दिसल्या तर फवारणी पुढे ढकलावी; त्या आपलं काम करत असतात.

बी धरलेली बोंडं तपकिरी होऊन फुटायच्या बेतात आली की काढावीत. निलच्या बोंडात सहापर्यंत, ट्रायकलरच्या बोंडात चारपर्यंत बिया असतात. बियाणी सावलीत सुकवून, कागदी पाकिटावर रंग आणि वर्ष लिहून, मुलांच्या आणि कुत्र्या-मांजरांच्या हाताला लागणार नाहीत अशी ठेवावीत. काळादाणा तीव्र रेचक आहे, आणि ट्रायकलरच्या बीत मेंदूवर परिणाम करणारी द्रव्यं असतात. ही द्रव्यं वेल स्वतः बनवत नाही. पेरिग्लँड्युला नावाची, बीमधून पिढ्यान्‌पिढ्या सोबत येणारी बुरशी ती बनवते. हेवनली ब्लूमधली ही बुरशी २०२५ साली वेस्ट व्हर्जिनियातल्या संशोधकांना सापडली.

बाकीची बोंडंही वेलीवर ठेवू नयेत, आणि उपटलेली वेल टेकडीवर किंवा ओढ्यात टाकू नये. बहुवर्षायू निळी गारवेल, आयपोमिया इंडिका, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये बागांतूनच रानात गेली आणि तिथली झाडं तिनं झाकून टाकली. आपल्याकडे बेशरमीनं तळ्यांचं काय केलं ते समोर आहे. निरोगी वेल बारीक तोडून कंपोस्टात, रोगट असेल तर पिशवीत बांधून कचऱ्यात. कुंडीतली माती उन्हाळ्यात प्लॅस्टिकखाली महिनाभर तापू द्यावी, आणि पुढच्या पावसाळ्यात त्या कुंडीत मेथी-कोथिंबीर लावून गारवेल दुसऱ्या कुंडीत पेरावी.